चार लाखांच्या देशाला सिनेमा कशाला? तुम्ही विचारलंत म्हणून

गेली अकरा वर्षं मी रेक्याविकमध्ये राहतेय आणि घरी कुणी पाहुणे आले की दोन-तीन दिवसांत हा प्रश्न येतोच येतो. फोनवर येतो, फॅमिली ग्रुपवर येतो. "अगं, आइसलँडमध्ये जेमतेम चार लाख माणसं, तिथे सिनेमे काढतं कोण, बघतं कोण, आणि मुळात एवढ्याशा देशाला स्वतःचा सिनेमा हवाच कशाला?" विचारणारे वाईट हेतूने विचारत नाहीत, खरंच कुतूहल असतं. मी दोन वाक्यांत काहीतरी सांगून टाकते आणि मग रात्री पडल्या पडल्या वाटत राहतं की नीट सांगायला हवं होतं. यंदा काका आले होते, त्यांनीही हेच विचारलं, म्हणून म्हटलं आता एकदाचं सगळं लिहूनच काढू. तुम्ही विचारलंत म्हणून लिहितेय, तर थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

काकांनी विचारलं ते सोल्हेइमासांडूरला. दक्षिण किनाऱ्यावर काळ्या वाळूचं अफाट सपाट मैदान आहे आणि त्यात अमेरिकन नेव्हीच्या एका विमानाचा सांगाडा पडलाय, 1973 साली ते तिथे कसंबसं उतरवावं लागलं, आतले सगळे वाचले आणि विमान मात्र तिथेच राहिलं. 'गेरुआ' गाण्यात शाहरुख आणि काजोल दिसतात ना, ते हेच विमान. पार्किंगपासून चार किलोमीटर चालत जायचं आणि चार परत, वाटेत झाड नाही, टपरी नाही, बसायला दगडसुद्धा धड नाही, फक्त वारा आणि खडी. काका सत्तरीला आलेत पण चालले. पोचल्यावर त्यांनी पत्र्यावर हात ठेवला, जरा वेळ ठेवूनच उभे राहिले आणि म्हणाले, "हे इथलं होय? मला वाटलेलं सेट लावलाय." मग वळून म्हणाले, "बरंय की मग या लोकांचं. जागा भाड्याने द्यायची, पैसे घ्यायचे. स्वतः पिक्चर काढायच्या भानगडीत कशाला पडायचं?"

आता हा प्रश्न चुकीचा नाही. उलट सगळ्यात आधी हाच सुचतो, कारण आपण सगळ्यांनी आइसलँड शंभरदा पाहिलाय आणि तो आइसलँड आहे हे आपल्याला ठाऊकच नव्हतं. 1985च्या बाँडपटात इथलं योकुलसारलोन सरोवर सायबेरिया झालं होतं. 'बॅटमन बिगिन्स'मध्ये स्वीनाफेल्सयोकुल ही हिमनदी हिमालय झाली आणि तीच हिमनदी पुढे 'इंटरस्टेलर'मध्ये दुसऱ्या आकाशगंगेतला गोठलेला ग्रह झाली. क्लिंट ईस्टवुडला इवो जिमाचा काळा किनारा हवा होता, पॅसिफिकमधलं जपानी बेट, दुसरं महायुद्ध, तो त्याला रेक्यानेसच्या किनाऱ्यावर मिळाला. 'गेम ऑफ थ्रोन्स'मधली भिंतीपलीकडची बर्फाची दुनिया बरीचशी इथली. 'वॉल्टर मिटी'त हा देश ग्रीनलंड पण झाला, अफगाणिस्तानातला हिमालय पण झाला आणि थोडा वेळ स्वतःही होता. 'ट्रू डिटेक्टिव्ह'च्या चौथ्या सीझनमध्ये उत्तरेकडचं दाल्विक नावाचं छोटं गाव अलास्का झालं. म्हणजे या देशाला सगळे रोल मिळतात, स्वतःचा सोडून. तो रोल त्याला बाहेरचं कुणी देत नाही, तो स्वतःच लिहावा लागतो आणि त्याचे पैसेही स्वतःच उभे करावे लागतात. माझं सगळं म्हणणं या एवढ्यात आलं, पण ते असं नुसतं सांगून पटत नाही, म्हणून पुढे वाचा.

आधी पैशाचं बोलू, कारण काकांचा मुद्दा पैशाचा होता आणि पैशाला नावं ठेवण्यात काही अर्थ नसतो.

1999 साली इथल्या संसदेने, अल्थिंगने, एक कायदा केला. एखाद्या प्रॉडक्शनने या देशात जो खर्च केला असेल, म्हणजे हॉटेलं, गाड्या, सुतार, जेवण, लोकांचे पगार, त्या खर्चाचा ठरलेला हिस्सा सरकार हिशोब तपासून परत देतं. सुरुवातीला 12 टक्के होता, मग 14 झाला, 20 झाला, 25 झाला आणि 2022 पासून मोठ्या प्रोजेक्टना 35 टक्के मिळतात, पण त्याला अटी आहेत, किमान 35 कोटी क्रोनुर (इथलं चलन, एक असला की क्रोना) खर्च हवा, तीस दिवस इथे काम हवं, पन्नास माणसं कामाला हवीत. म्हणजे नुसते दोन दिवस येऊन ड्रोन उडवून गेलात तर ते 35 नाहीत. महत्त्वाचं असं की सरकार आधी खिशात हात घालत नाही. आधी तुम्ही खर्च करा, पावत्या दाखवा, मग परतावा. तोवर त्या खर्चातला टॅक्स सरकारकडे जमा झालेला असतो, माणसांना पगार मिळालेला असतो.

2008च्या ऑक्टोबरमध्ये इथल्या तिन्ही मोठ्या बँका काही दिवसांत कोसळल्या, क्रोनाची किंमत जवळजवळ निम्म्यावर आली. लोकांचे हाल झाले, पण बाहेरून डॉलर-पाउंड घेऊन येणाऱ्यासाठी देश एकदम स्वस्त झाला, त्यात परतावा, त्यात ही असली भूमी. मग रांग लागली. 'गेम ऑफ थ्रोन्स'वाले 2011च्या नोव्हेंबर-डिसेंबरात आले, त्या दिवसांत इथे दिवसाचा उजेड धड पाच तास असतो आणि बाहेर पडायचं म्हणजे आधी वाऱ्याचा अंदाज बघायचा. पण म्हणूनच दक्षिणेकडच्या हॉटेलवाल्यांना त्याचं मोल. उन्हाळ्यात गिऱ्हाईक असतंच हो, हिवाळ्यात खोल्या भरणारं कोण आहे? शंभर-दीडशे माणसांचं युनिट आलं की हॉटेलवाला, मोठ्या चाकांच्या जीपवाला, जनरेटरवाला, हिमनदीवर पाय कुठे ठेवायचा आणि कुठे नाही हे जाणणारा गाइड, शाळेच्या कॅन्टीनमध्ये स्वयंपाक करणारी बाई, सगळ्यांना काम लागतं. यातले बरेच जण एरवी दुसरं काहीतरी करत असतात. इथे एका माणसाची दोन-तीन कामं असणं ही अगदी रोजची गोष्ट आहे, लोकसंख्याच तेवढी, करणार काय.

आणि या कामातून लोक शिकले. मला हा भाग परताव्याच्या टक्क्यांपेक्षा मोठा वाटतो. बाहेरच्या मोठ्या सेटवर ज्या पोराने चार वर्षं केबल ओढली, लाइट लावले, तोच पुढे स्वतःच्या भाषेतल्या सिनेमाचा गॅफर, म्हणजे लाइटिंगचा प्रमुख होतो, कॅमेरामन होतो. बाल्तासार कोर्माकुर हे नाव तुम्ही ऐकलं असेल, 'एव्हरेस्ट'चा दिग्दर्शक. तो आधी इथला नट, मग इथला दिग्दर्शक, मग हॉलीवूड, आणि परत येऊन त्याने रेक्याविकच्या कडेला गुफुनेसमध्ये एक बंद पडलेला खताचा कारखाना घेऊन तिथे स्टुडिओ उभा केला. जिथे पोती भरायची तिथे आता सेट लागतात. 'ओफाइर्द' ही त्याची मालिका, इंग्रजीत 'ट्रॅप्ड', बर्फाने रस्ता बंद झालेल्या गावातला खून, ती आइसलँडिक भाषेतली असून बीबीसीवर दाखवली गेली, खाली सबटायटल लावून. बाहेरच्यांसाठी जागा राखता राखता घरची माणसं तयार झाली, असं झालंय ते.

पर्यटनाचंही बोलायला हवं. 2010 मध्ये इथे पाच लाखांच्या आत पर्यटक आले होते, 2018 मध्ये तेवीस लाख. सगळं सिनेमामुळे असं मी अजिबात म्हणणार नाही, त्यात तो एयाफ्यात्लायोकुलचा ज्वालामुखी होता ज्याने 2010 साली अर्ध्या युरोपची विमानं बंद पाडली आणि जगभर टीव्हीवर देश दिसला, पडलेला क्रोना होता, स्वस्त विमान कंपन्या होत्या. पण पडद्यावर बघून येणारे खूप आहेत, मी रोज भेटते त्यांना. आणि त्याचा त्रासही झालाय. फ्यादरार्ग्ल्यूफुर नावाची एक अरुंद, हिरवीगार घळ आहे, जस्टिन बीबरने 2015 मध्ये तिथे एका गाण्याचा व्हिडिओ केला, मग लोकांची अशी झुंबड उडाली की कडेचं शेवाळ तुडवून चिखल झाला आणि 2019 मध्ये ती बंद ठेवावी लागली. इथलं शेवाळ वाढायला कित्येक वर्षं लागतात, एका बुटाखाली जातं आणि तिथे नुसती माती राहते. मी ती घळ बंद असताना दोरीपलीकडून पाहिलीये. ओली माती आणि तिच्यात हजारो पायांचे ठसे, फार वाईट वाटलं. भाड्याने दिलेल्या घराची झीज घरमालकालाच सोसावी लागते, भाडेकरू निघून जातो.

आणि भाडेकरू जातोच. आयर्लंड परतावा देतं, हंगेरी देतं, नॉर्वे देतं, प्रत्येक जण टक्का वाढवत राहतो. उद्या दुसरीकडे स्वस्त पडलं की युनिट तिकडे. म्हणून नुसत्या बाहेरच्या शूटिंगवर विसंबून राहणं म्हणजे मासळीच्या एकाच फेरीवर वर्ष काढण्यासारखं आहे, असं मला वाटतं. काकांना मी हे चालता चालता सांगत होते आणि ते म्हणाले, "ते पटलं. पण मग स्वतःचा पिक्चर काढून तरी पैसे सुटतात का?"

नाही सुटत. स्पष्टच सांगते. साधा हिशोब करा, चार लाखांच्या आतली वस्ती, त्यातल्या दर दहा माणसांतल्या एकाने तिकीट काढलं तर झाली एकोणचाळीस-चाळीस हजार तिकिटं, आणि एवढी झाली तर सिनेमा जोरात चालला म्हणायचा. तेवढ्यात सिनेमाचा खर्च निघत नाही. मग पैसा येतो कुठून, तर थोडा इथल्या फिल्म फंडातून, जो 1978च्या कायद्याने सुरू झाला, थोडा नॉर्डिक देशांच्या सामाईक फंडातून, थोडा युरोपच्या 'यूरीमाज' या फंडातून, थोडा डेन्मार्क किंवा दुसऱ्या कुठल्या देशातल्या भागीदाराकडून, थोडा टीव्ही चॅनेलने आधीच हक्क घेतल्याचा, आणि तो मघाशी सांगितलेला परतावा घरच्या सिनेमालाही मिळतो, तो. म्हणून इथला सिनेमा सुरू झाला की आधी लोगोंची रांग लागते. त्या प्रत्येक लोगोमागे कुणीतरी दोन-तीन वर्षं अर्ज भरलेत, स्क्रिप्ट पुन्हा लिहिलीये, नकार पचवलेत. मी आता ते लोगो नीट बघते, पूर्वी नव्हते बघत.

मग एवढा खटाटोप का? याचं उत्तर द्यायला थोडं मागे जावं लागतं.

हा देश 1944 मध्ये डेन्मार्कपासून स्वतंत्र झाला, तेव्हा लोकसंख्या सव्वा लाखाच्या थोडी वर. त्यांच्याकडे किल्ले नाहीत, राजवाडे नाहीत, मोठी चर्चंसुद्धा जुनी अशी नाहीत, घरं गवताच्या छपराची, ती मातीत मिळाली. जुनं असं जे काही आहे ते गोष्टी. सागा. वासराच्या कातड्यावर लिहिलेल्या. आणि त्यासुद्धा शेकडो वर्षं डेन्मार्कमध्ये होत्या. 1971च्या एप्रिलमध्ये त्यातली पहिली दोन हस्तलिखितं जहाजाने परत आली तेव्हा बंदरावर हजारो माणसं जमली होती. दोन पुस्तकांसाठी बंदरावर गर्दी करणाऱ्या लोकांना गोष्ट म्हणजे काय वाटत असेल त्याचा विचार करा.

आता याच्या शेजारी दुसरी घटना ठेवा. केप्लाविकला अमेरिकन लष्करी तळ होता, तिथून सैनिकांसाठी टीव्ही चालायचा, आणि त्याचा सिग्नल रेक्याविकपर्यंत यायचा. आइसलँडचा स्वतःचा टीव्ही तेव्हा नव्हताच. म्हणजे इथल्या घरांमध्ये जे पहिलं हलतं चित्र रोज आलं ते परक्या भाषेतलं, परक्या सैन्याचं. 1964 मध्ये इथल्या साठ नामवंतांनी संसदेला अर्ज केला की ते प्रक्षेपण तळापुरतंच ठेवा. खूप वाद झाला, काही जण म्हणाले लोकांना बघायचं ते बघू द्या की. पण 1966 मध्ये देशाचा स्वतःचा टीव्ही सुरू झाला, आणि मला फार आवडणारी गोष्ट म्हणजे 1987 पर्यंत इथे गुरुवारी टीव्ही बंद असायचा. गुरुवारी माणसांनी माणसांकडे जायचं.

फंड आल्यावर 1980 मध्ये आउगुस्त गुद्मुंडसनचा 'लांद ओग सिनिर' आला, मंदीच्या काळातला शेतकऱ्याचा मुलगा, बाप गेल्यावर जमीन-जनावरं मागे टाकून शहराकडे निघतो. तो बघायला लोक लोटले. त्या काळात देशात सव्वादोन लाख माणसं होती आणि जवळजवळ प्रत्येकाच्या घरात असा कुणीतरी होता जो गाव सोडून निघाला होता. पडद्यावर आपली भाषा, आपले डोंगर, आपल्या आज्जीसारखी दिसणारी बाई. त्या पिढीतल्या सिनेमावाल्यांनी घरं गहाण टाकून सिनेमे काढले हे इथे आजही आदराने सांगतात. पुढे 1991 मध्ये फ्रिद्रिक थोर फ्रिद्रिक्सनचा सिनेमा आला, इंग्रजीत 'चिल्ड्रन ऑफ नेचर', वृद्धाश्रमातून पळून जाणारे दोन म्हातारे जीव, चोरलेल्या जीपमधून आपल्या जन्मगावाकडे निघालेले, आणि त्याला परभाषेतल्या सिनेमाच्या ऑस्करचं नामांकन मिळालं, या देशाचं पहिलंच.

भाषेचं मला जरा जास्त बोलायचंय, कारण ते माझ्याशी जोडलेलं आहे. सिनेमाला इथे शब्द आहे 'क्विकमिंद'. क्विक म्हणजे जिवंत, हलणारं, मिंद म्हणजे चित्र. उसना शब्द घेतला नाही, स्वतःचा केला. पण बोलताना सगळे म्हणतात 'बिओ', चला बिओला जाऊ, आणि तो आपल्या बायस्कोपचाच भाऊबंद. इथल्या बहुतेक थिएटरांत सिनेमाच्या मधोमध मध्यंतर होतं, पडद्यावर 'ह्ल्ये' असं लिहून येतं आणि दिवे लागतात. मी इथे आले त्या पहिल्या हिवाळ्यात एकटीच सिनेमाला गेले होते, भाषेचं एक अक्षर कळत नव्हतं, आणि अचानक दिवे लागले, लोक उठले, पाय मोकळे करायला बाहेर गेले, आणि मी जागेवर बसून चक्क रडले, कारण युरोपात कुठेतरी मध्यंतर भेटेल असं मला वाटलंच नव्हतं.

ही भाषा मी सिनेमातून शिकले. क्लास केला, पण कान तयार झाला तो बिओ पाराडीसमध्ये, रेक्याविकच्या मध्यवस्तीतलं थिएटर, तिथे आइसलँडिक सिनेमे इंग्रजी सबटायटलसकट लागतात. (तिथे मध्यंतर नसतं, हेही सांगायला हवं.) आधी सगळं वाचायचे, मग अर्धं वाचायचे अर्धं ऐकायचे, आणि एके दिवशी लोक हसले त्याच क्षणी मीही हसले, सबटायटल यायच्या आधी. तो दिवस माझ्या लक्षात आहे. 2020च्या जानेवारीत बातमी आली की भाडं परवडत नाही म्हणून ते थिएटर बंद होणार, तेव्हा माझ्या ओळखीतला जो तो हळहळला. पुष्कळ लोकांनी आवाज उठवला, सरकार आणि शहर मदतीला आले आणि सप्टेंबरात ते पुन्हा उघडलं.

मुलांचं बघा. इथली मुलं टॅबवर, यूट्यूबवर इंग्रजीच ऐकतात, खेळताना आपापसात इंग्रजी बोलतात, शिक्षक त्याची काळजी करतात. डिस्नीचे सिनेमे इथे वर्षानुवर्षं आइसलँडिकमध्ये डब होत आलेत, थिएटरात लागलेत, पण 2020 मध्ये डिस्ने प्लस इथे सुरू झालं तर त्यात आइसलँडिक नाहीच. डबिंग तयार होतं, पण ते लावलं नव्हतं. तर 2021च्या सुरुवातीला इथल्या सांस्कृतिक मंत्री लिल्या आल्फ्रेड्सदोत्तिर यांनी सरळ डिस्नेच्या प्रमुखाला पत्र लिहिलं की आमची भाषा बोलणारे थोडे आहेत, मुलांच्या कानावर ती पडणं आम्हाला गरजेचं आहे, आणि कंपनीने ते मान्य केलं. मंत्र्याने कार्टूनसाठी पत्र लिहावं हे काहींना फार किरकोळ वाटेल, मला नाही वाटलं. चार लाखांची भाषा अशीच टिकते, एकेक पत्र लिहून.

आणि संगीत. हिल्दुर गुद्नादोत्तिरला 2020 मध्ये 'जोकर'च्या संगीतासाठी ऑस्कर मिळालं, ऑस्कर मिळवणारी ती पहिली आइसलँडिक व्यक्ती. त्या रात्री माझ्या ऑफिसच्या ग्रुपवर जो तो सांगत होता की ती माझ्या चुलत बहिणीबरोबर शाळेत होती, तिची आई अमुक ठिकाणी गाते. छोट्या देशात मोठं बक्षीस असं घरोघरी वाटलं जातं.

सिनेमा इथे भांडतोही, आणि ते मला फार महत्त्वाचं वाटतं. या देशाचं पोट मासळीवर, पर्यटनावर आणि ॲल्युमिनियमवर चालतं. ॲल्युमिनियमची खनिजं इथे नाहीत, ती बाहेरून येतात, इथे आहे ती स्वस्त वीज, त्यासाठी धरणं, आणि त्यावरून वर्षानुवर्षं वाद. बेनेडिक्ट एर्लिंगसनचा 2018चा 'वुमन ॲट वॉर' बघा, गावात गायनमंडळ चालवणारी पन्नाशीची बाई माळावर जाऊन ॲल्युमिनियम कारखान्याच्या विजेच्या तारा पाडते. हा सिनेमा बाहेरच्या कुणीही काढला नसता. बाहेरचा तो माळ बघून म्हणाला असता, मंगळ छान दिसेल इथे. तारा कुठल्या, वीज कुणाची, हे विचारायला तिथे राहावं लागतं.

म्हणून मला राग येतो तो याचा की देशाची तिजोरी आखडली की पहिली कात्री घरच्या फंडाला लागते. क्रॅशनंतर तसंच झालं, फंड मोठ्या प्रमाणात कापला गेला. परतावा वाढवत न्यायचा आणि फंड कापायचा हे माझ्या मते उलटं आहे. परताव्याने हात तयार होतात, पण त्या हातांनी करायचं काय हे फंड ठरवतो. फंडच नसेल तर ही सगळी तयार माणसं जन्मभर दुसऱ्यांचा हिमालय सजवत बसतील.

काका सगळं ऐकून घेतात पण लगेच हो म्हणत नाहीत, त्यांचा स्वभावच तसा. परत येताना गाडीत म्हणाले, "बरं, एक दाखव. तुला सगळ्यात आवडतो तो." मी 'ह्रूतार' दाखवायचं ठरवलं. ग्रिमुर हाकोनारसनचा, 2015 मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात 'अं सर्तेन रगार' विभागाचं पहिलं बक्षीस मिळालं त्याला. ह्रूतार म्हणजे मेंढे. रात्री घरी टीव्हीवर लावला, इंग्रजी सबटायटल होते, तरी काकांना काही ठिकाणी मी मराठीत सांगत होते. बाहेर वारा होता, काकांनी पायावर घोंगडी घेतली होती, इथल्याच लोकरीची.

गोष्ट अशी की उत्तरेकडच्या एका खोऱ्यात दोन भाऊ, शेजारी शेजारी घरं, मध्ये एक कुंपण, दोघेही मेंढपाळ, दोघांनीही लग्न केलेलं नाही, आणि चाळीस वर्षं एकमेकांशी बोलत नाहीत. अगदीच काही कळवायची वेळ आली तर चिठ्ठी लिहायची आणि कुत्र्याच्या तोंडात द्यायची, कुत्रं ती पलीकडे नेतं. काका पहिल्या दहा मिनिटांत म्हणाले, "अगं, ही तर भाऊबंदकी." मी म्हटलं हो. आइसलँडिकमध्ये एवढा नेमका शब्द असेल असं मला वाटत नाही.

मग मेंढ्यांना रोग येतो, रिदा म्हणतात त्याला, मेंदूचा रोग, औषध नाही. एका कळपात निघाला की खोऱ्यातले सगळे कळप मारायचे, गोठे जाळून-धुऊन साफ करायचे, दोन वर्षं नवीन जनावर आणायचं नाही. हा रोग इथे खरा आहे, सिनेमा आला तेव्हा कळप मारायचे असले नियमही खरेच होते, आणि हे ज्यांच्यावर आलंय ती घरं इथे आहेत. त्यातला धाकटा, गुम्मी, आपल्या मेंढ्या सरकारी माणसांच्या हाती न देता स्वतः मारतो आणि थोड्या गुपचूप तळघरात लपवून ठेवतो, त्या जुन्या वाणाचं बी राहावं म्हणून. मोठा दारू पितो, बर्फात पडतो. एका रात्री गुम्मीला तो बाहेर गारठून पडलेला सापडतो. तर तो ट्रॅक्टर काढतो, पुढच्या लोडरच्या बकेटमध्ये भावाला उचलतो, तसाच रस्त्याने हॉस्पिटलपर्यंत नेतो, दारासमोर बकेट खाली करून भावाला ठेवतो आणि वळून घरी येतो. एक शब्द नाही. काका हसायला लागले आणि हसता हसता थांबले. मला म्हणाले, "मागे घे जरा." आम्ही तो सीन पुन्हा बघितला.

मी त्यांना सांगितलं की इथल्या भाषेत 'फ्ये' हा एकच शब्द आहे, त्याचा अर्थ मेंढरं पण होतो आणि पैसा पण होतो. काका म्हणाले, "आपलं पशुधन तसंच की." मग थोड्या वेळाने, पडद्यावरची नजर न काढता, "म्हणजे त्याने तळघरात काय ठेवलंय ते आलं लक्षात."

सिनेमा संपला, नावं वर जायला लागली. इथे बहुतेकांना आडनावं नसतात, अमक्याचा मुलगा, अमकीची मुलगी अशी नावं, फोनच्या यादीतसुद्धा पहिल्या नावाने शोधायचं. काका सगळी नावं संपेपर्यंत बसले होते. मग त्यांनी काकूला फोन लावला, तिकडे पहाट झालेली, ती उठलेलीच असते. स्पीकरवर होता म्हणून मला ऐकू येत होतं. "अगं दोन भाऊ, चाळीस वर्षं अबोला, मधे कुत्रं चिठ्ठ्या नेतंय..." असं करत करत त्यांनी जवळजवळ अर्धा तास सगळा सिनेमा सांगितला, ट्रॅक्टरचा प्रसंग तर हातवारे करून सांगितला, जणू ती समोर बसलीये. शेवट सांगितला, वादळात दोघं भाऊ उरलेली मेंढरं घेऊन डोंगरावर निघतात, मेंढरं हरवतात, आणि एक जण बर्फात खड्डा खणून त्यात दुसऱ्याला उघड्या अंगाने छातीशी धरून बसतो, ऊब देत.

काकू जरा वेळ काही बोलली नाही. मग तिने विचारलं, "आणि मेंढरं? ती सापडली का?"

काका म्हणाले, "ते दाखवलं नाही गं."